शरीराचे शास्त्र घरात आले पाहिजे!



बाबासाहेब बॅरिस्टर होते हे आपल्या घरातल्या लहान पोरालाही ठाऊक आहे. पण बॅरिस्टर म्हणून त्यांनी कोणाकोणाची बाजू कोर्टात मांडली, असे विचारले तर मोठी माणसेही घुटमळतात. चवदार तळ्याचा दावा तेवढा आठवतो. त्यांनी लढवलेल्या खटल्यांत एक खटला असा आहे की, ज्याचे नाव आपल्या जयंतीच्या व्यासपीठावरून सहसा घेतले जात नाही. साल होते १९३४. आरोपी होते प्राध्यापक रघुनाथ धोंडो कर्वे. गुन्हा काय? तर आपल्या 'समाजस्वास्थ्य' मासिकात त्यांनी वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना शास्त्राच्या आधाराने उत्तरे दिली! सरकारने त्याला अश्लील ठरवले. मोठमोठे सुधारक तोंड फिरवून बसले होते, तेव्हा कर्व्यांच्या बाजूने उभे राहिले ते आपले बाबासाहेब.

आज या खटल्याची आठवण काढण्याचे कारण एक पटकथाकार आहे. तिचे नाव चित्रा पालेकर. कर्व्यांच्या आयुष्यावर २००१ साली आलेला 'ध्यासपर्व' हा मराठी चित्रपट त्यांनी लिहिला. दिग्दर्शन अमोल पालेकर यांचे होते. कर्व्यांची भूमिका किशोर कदम यांनी केली, तर त्यांच्या पत्नी मालतीबाईंची सीमा बिस्वास यांनी. कुटुंबकल्याण या विषयावरचा चित्रपट म्हणून त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

पटकथा म्हणजे काय, हे आपल्या वाचकांना थोडक्यात सांगितले पाहिजे. पडद्यावर नट-नटी दिसतात, नाव दिग्दर्शकाचे होते. पण कॅमेरा सुरू होण्याच्या कितीतरी आधी कोणीतरी बसून कागदावर मांडलेले असते की, कोणता प्रसंग आधी, कोणता नंतर, कोण बोलणार आणि ते बोलत असताना कोणाचा चेहरा दिसणार. घर बांधताना जसा नकाशा, तशी चित्रपटाला पटकथा. चित्रा पालेकर यांनी हा नकाशा काढताना शरीराचे शास्त्र आणि नवरा-बायकोचे नाते या दोन्ही गोष्टी एकाच छपराखाली आणल्या. कुटुंबाच्या पानावर या विषयाची चर्चा करावी असे आम्हांला वाटते ते यासाठीच.

कर्वे आणि मालतीबाई

रघुनाथरावांचा जन्म १४ जानेवारी १८८२ चा. महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे ते थोरले चिरंजीव. ते नऊ वर्षांचे असताना, १८९१ साली, त्यांची आई राधाबाई बाळंतपणात वारली. पुढे ते गणिताचे प्राध्यापक झाले, पॅरिसला जाऊन शिकले, आणि परत आल्यावर १९२१ साली त्यांनी मुंबईत संततिनियमनाचे केंद्र काढले. त्याच वर्षी लंडनमध्ये मेरी स्टोप्स या बाईंनी असेच केंद्र उघडले होते. म्हणजे या बाबतीत मुंबई लंडनच्या मागे नव्हती. पण मुंबईतल्या या कामाची किंमत कर्व्यांना चुकवावी लागली. ते विल्सन कॉलेजात शिकवीत असत. हे काम तरी सोडा किंवा नोकरी तरी सोडा, अशी पाळी आली आणि १९२५ साली त्यांनी नोकरी सोडली. जुलै १९२७ मध्ये 'समाजस्वास्थ्य' सुरू केले आणि १९५३ साली मरेपर्यंत चालवले. त्यांचे निधन १४ ऑक्टोबरला झाले. बरोबर तीन वर्षांनी याच तारखेला नागपुरात धम्मदीक्षेचा सोहळा झाला.

नोकरी सोडणाऱ्या माणसाचे कौतुक सगळे करतात. पण ज्या घरात पगार येणे बंद होते, त्या घरातल्या बाईचे काय? वस्तीत राहणाऱ्या आपल्या भगिनींना हे वेगळे सांगायला नको. कंपनीला टाळे लागले की पुढारी गेटवर भाषण करतो आणि घरात डब्याच्या तळाचे तांदूळ मोजत बाई बसलेली असते. कर्वे आणि मालतीबाई यांनी ठरवून स्वतःला मूल होऊ दिले नाही, कारण हाती घेतलेल्या कामाला सगळे आयुष्य द्यायचे होते. त्या काळात मूल नसलेल्या बाईला समाज काय म्हणत असेल याची कल्पना करा. सण नाही, ओटी नाही, शुभकार्यात पुढे उभे राहायचे नाही. 'ध्यासपर्व'मध्ये मालतीबाईंना नुसती 'थोर पुरुषाची बायको' म्हणून कोपऱ्यात बसवलेले नाही. नवऱ्याच्या विचाराची किंमत बायको आपल्या अंगावर कशी मोजते, हे तिच्या बाजूने पाहायला लावणे ही पटकथाकाराची करामत आहे.

आपल्याला येथे रमाईची आठवण आल्याशिवाय राहत नाही. बाबासाहेब आणि रमाई यांच्या पाच मुलांपैकी चार मुले गेली. यशवंतराव तेवढे राहिले. १९३४ साली बाबासाहेब कर्व्यांसाठी कोर्टात उभे होते, त्याच्या पुढच्या वर्षी, २७ मे १९३५ रोजी, रमाई गेल्या. आईचे शरीर किती सोसते, हे बाबासाहेबांना पुस्तकात वाचण्याची गरज नव्हती.

कोर्टात काय झाले?

कर्व्यांवरचा हा पहिला खटला नव्हता. त्याआधीही एकदा त्यांना शंभर रुपये दंड झाला होता. दुसऱ्या वेळी डिसेंबर १९३३ च्या अंकातली प्रश्नोत्तरे सरकारच्या डोळ्यांत खुपली. वाचकांनी हस्तमैथुनाबद्दल आणि समलिंगी संबंधांबद्दल विचारले होते. कर्व्यांनी भीती न घालता, पाप-पुण्य न आणता उत्तर दिले होते.

बाबासाहेबांचा युक्तिवाद थोडक्यात असा होता. लैंगिक विषयावर कोणी लिहिले म्हणजे ते अश्लील झाले, असे होत नाही. असल्या विकृत प्रश्नांना उत्तरे द्यावीतच कशाला, असा सवाल कोर्टातून आला. तेव्हा बाबासाहेबांचे म्हणणे असे पडले की, विकृती असेल तर ती ज्ञानानेच जाईल, दुसरा उपाय नाही. म्हणून ज्याला ठाऊक आहे त्याने उत्तर दिलेच पाहिजे. समलिंगी ओढ काही माणसांत जन्मतःच असते, असे सांगणाऱ्या हॅवलॉक एलिस या इंग्रज शास्त्रज्ञाच्या संशोधनाचाही त्यांनी आधार घेतला. खटला हरला. कर्व्यांना दोनशे रुपये दंड झाला. पण विचार हरला नाही. अलीकडच्या काळात अजित दळवी यांनी लिहिलेल्या आणि अतुल पेठे यांनी बसवलेल्या 'समाजस्वास्थ्य' या नाटकाने हे खटले पुन्हा मराठी रंगभूमीवर उभे केले.

बाबासाहेब एवढ्यावर थांबले नाहीत. १० नोव्हेंबर १९३८ रोजी मुंबई विधानसभेत संततिनियमनाच्या सोयींबद्दलचा ठराव चर्चेला आला. बाबासाहेबांचे भाषण त्यांच्या वतीने त्यांचे सहकारी पी. जे. रोहम यांनी मांडले. बाळंतपणाच्या वेणा पुरुषांना सोसाव्या लागल्या असत्या, तर एकाही पुरुषाने एकाहून अधिक मूल होऊ दिले नसते, अशा अर्थाचे रोखठोक बोल त्या भाषणात आहेत. ठराव फेटाळला गेला. पुढे १९५२ साली याच देशाच्या सरकारने कुटुंबनियोजनाचा कार्यक्रम हाती घेतला! १९४२ च्या जुलैमध्ये नागपूरच्या महिला परिषदेत बाबासाहेबांनी हजारो भगिनींना सांगितले की, लग्नाची घाई करू नका, मुले बेताची होऊ द्या, आणि लग्न केलेत तर नवऱ्याची दासी म्हणून नव्हे, त्याची मैत्रीण म्हणून बरोबरीने उभ्या राहा.

आता आम्ही विचारतो, बाबासाहेबांची ही बाजू आपण आपल्या घरात किती आणली?

मुलगी झाली, दोष कोणाचा?

डोंबिवलीच्या एमआयडीसीत काम करणाऱ्या एका गृहस्थाचे घर आमच्या माहितीतले आहे. भिंतीवर तथागत आणि बाबासाहेबांची तसबीर, पौर्णिमेला वंदना, सगळे व्यवस्थित. तिसरी मुलगी झाली आणि सासूने सुनेशी बोलणे टाकले. नवरा दोघींच्या मध्ये पडला नाही. सून लेकीला घेऊन माहेरी कल्याणला आली ती पाच महिने परत गेली नाही. आम्ही काही कार्यकर्ते समजूत घालायला गेलो, तेव्हा त्या गृहस्थाला एकच प्रश्न विचारला, "बाबा, मुलगा की मुलगी हे कशावर ठरते, माहीत आहे का?" गडी बारावी झालेला, पण माहीत नव्हते.

शास्त्र सोपे आहे. बाईच्या बीजात एकाच प्रकारचे लिंगसूत्र असते, एक्स. पुरुषाच्या बीजात दोन प्रकार असतात, एक्स आणि वाय. पुरुषाकडून एक्स आला तर मुलगी, वाय आला तर मुलगा. बाईच्या हाती यातले काहीच नाही. पुरुषाचेही त्यावर चालत नाही, पण फरक पडतो तो त्याच्याच बीजाने. म्हणजे ज्या गोष्टीसाठी पिढ्यान्पिढ्या सुनांना छळले, त्या गोष्टीत सुनेचा काडीचाही संबंध नाही! हे एवढे वाक्य प्रत्येक सासूला ठाऊक असते तर किती घरे वाचली असती. गर्भलिंगनिदानाला आळा घालणारा कायदा महाराष्ट्राने १९८८ साली देशात पहिल्यांदा केला. देशाचा कायदा १९९४ साली झाला. कायदा डॉक्टरचे यंत्र थांबवतो, पण सासूची जीभ थांबवायला शास्त्रच लागते.

आणि धम्म काय सांगतो? कोसलचा राजा प्रसेनजित याला राणी मल्लिकेला मुलगी झाल्याची वार्ता कळली तेव्हा तो खट्टू झाला. तथागतांनी त्याला सांगितले की, राजा, मुलगी मुलापेक्षाही श्रेष्ठ निघू शकते. अडीच हजार वर्षांपूर्वीचे हे बोल! ज्यांच्या भिंतीवर तथागतांची तसबीर आहे, त्यांच्या घरात तिसऱ्या मुलीच्या जन्माला बर्फी वाटलीच पाहिजे.

दुसरी गोष्ट ऑपरेशनची. २०१९ ते २१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत असे दिसले की, देशात शंभर विवाहित स्त्रियांमागे जवळजवळ ३८ जणींनी स्वतःचे नसबंदीचे ऑपरेशन करून घेतले होते. नवऱ्याने नसबंदी केली अशी जोडपी हजारात जेमतेम तीन! वास्तविक पुरुषाचे ऑपरेशन कितीतरी सोपे. पोट उघडावे लागत नाही, टाके नसलेली पद्धत आहे, काही मिनिटांत होते आणि त्याच दिवशी माणूस घरी येतो. पुढचे तीन महिने दुसरे साधन वापरायचे आणि तपासणी करून खात्री करून घ्यायची, एवढीच काळजी. ताकद कमी होत नाही, ओझे उचलता येते, संसारसुखात फरक पडत नाही. १९७५ ते ७७ च्या आणीबाणीत गोरगरिबांना धरून नेऊन नसबंदी केली गेली, त्याची दहशत वडीलधाऱ्यांच्या मनात आहे, हे आम्ही समजू शकतो. जबरदस्ती वाईटच. पण त्या भीतीचा बोजा आपल्या बायकोच्या पोटावर का टाकायचा?

अज्ञानाने आईची चेटकीण होते

चित्रा पालेकर यांनी पुढे २००६ साली 'माती माय' हा चित्रपट स्वतः लिहिला आणि दिग्दर्शित केला. महाश्वेतादेवींच्या 'बायेन' या बंगाली कथेवर तो आधारलेला आहे. नंदिता दास त्यात चंडी झाली आहे आणि अतुल कुलकर्णी तिचा नवरा. गावातली मेलेली लहान मुले पुरायची आणि त्या जागेची राखण करायची, हे काम चंडीच्या घराण्याकडे वंशपरंपरेने चालत आलेले. ती स्वतः आई होते आणि मग तिला ते काम करवत नाही. पण गाव तिला सोडायला तयार नाही. पुढे तेच गाव तिला चेटकीण ठरवते. नवराही गावाच्या बाजूला जातो. ती गावाबाहेर फेकली जाते आणि तिचा मुलगा, हीच आपली आई हे ठाऊक नसताना वाढतो.

ही कथा आपल्याला परकी नाही. मेलेले ढोर ओढणे, सांगावा घेऊन धावणे, ही जातीने लादलेली कामे आपल्या आज्या-पणज्यांनी केली. ती टाकून द्या, गाव सोडा, शहराकडे चला, असे बाबासाहेबांनी सांगितले म्हणून आपण आज ठाणे-कल्याणात आहोत. चंडीला असे सांगणारे कोणी नव्हते.

यातही शास्त्राची गोष्ट आहे. ओल्या बाळंतिणीच्या छातीतून बाळ जवळ नसतानाही दूध पाझरते. कोणाचेही बाळ रडताना ऐकले, नुसती आपल्या बाळाची आठवण आली, तरी मेंदूतून ऑक्सिटोसिन नावाचा रस सुटतो आणि दूध वाहू लागते. ज्याला हे माहीत आहे त्याला त्या बाईत आई दिसते. ज्याला माहीत नाही त्याला भूत दिसते. दूध तेच, बाई तीच. फरक आहे तो पाहणाऱ्याच्या ज्ञानाचा. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी खून झाल्यावर महाराष्ट्राने जादूटोणाविरोधी कायदा केला. आपल्या बावीस प्रतिज्ञा त्याच्या कितीतरी आधीच्या. तरी मासिक पाळी आली म्हणून मुलीला बुद्धवंदनेला बसू न देणारी घरे आम्ही पाहिली आहेत. देव सोडले, पण विटाळ सोडला नाही! पाळी म्हणजे गर्भाशयाने त्या महिन्यात बाळासाठी तयार केलेले अस्तर गळून पडणे. त्यात घाण नाही, पाप नाही आणि वंदनेला बसायला कसलीही आडकाठी नाही.

लोकलच्या डब्यातले 'डॉक्टर'

कसारा-कर्जत लोकलने रोज जाणाऱ्या आपल्या पोरांना शरीराचे शिक्षण कोण देतो? डब्याच्या भिंतीवर चिकटवलेले कागद देतात. 'गुप्तरोग', 'कमजोरी', 'खात्रीचा इलाज' आणि खाली फोन नंबर. हल्ली त्यात मोबाइलची भर पडली आहे. कोवळ्या वयात शरीर बदलते, रात्री झोपेत वीर्य जाते, मुलगा घाबरतो. बापाला विचारायची सोय नाही. मग तो त्या नंबरावर फोन करतो. तिथे त्याला सांगतात की, रक्ताच्या इतक्या थेंबांपासून वीर्याचा एक थेंब होतो, तुझे आयुष्य गेले! वीर्य रक्तापासून होत नाही. शरीरात ते सतत तयार होत असते आणि ते गेल्याने माणूस खंगत नाही. कर्व्यांनी नेमके हेच सांगितले होते आणि याच सांगण्यासाठी बाबासाहेब कोर्टात उभे राहिले होते. तेव्हा सरकारने ज्ञान देणाऱ्याला दंड केला. आज अज्ञान विकणारा मोकळा फिरतो आणि कंत्राटी कामगाराच्या पगारातले हजारो रुपये पुड्यांवर जातात.

मुलींचे याहून गंभीर आहे. ज्या लेकराला आपल्या अवयवांची नावे घरात कोणी शिकवली नाहीत, त्याच्या अंगाला कोणी वाईट हेतूने हात लावला तर ते सांगणार कसे? शब्दच नसतील तर तक्रार कोणत्या भाषेत करायची? बालकांच्या संरक्षणासाठी २०१२ साली पॉक्सो कायदा झाला, पण त्या कायद्याचा उंबरठा चढायला आधी लेकराने आईजवळ तोंड उघडावे लागते.

मुलगी सांगेल तेव्हा

आता सर्वांत अवघड गोष्टीकडे येतो. चित्रा पालेकर यांच्या मुलीने आपण समलिंगी असल्याचे आईला सांगितले. ज्या विषयाच्या प्रश्नावरून १९३४ साली कर्व्यांना दंड झाला होता, तोच विषय कर्व्यांवर चित्रपट लिहिणाऱ्या बाईच्या स्वतःच्या घरात होता! त्यांनी मुलीला दूर लोटले नाही. तिला समजून घेतले आणि पुढे जाहीरपणे, नाव लावून, इतर आई-बापांशी बोलू लागल्या. समलिंगी संबंध गुन्हा ठरवणाऱ्या ३७७ कलमाविरुद्धचा वाद सुप्रीम कोर्टात गेला, तेव्हा आमच्या मुलांना गुन्हेगार म्हणू नका, असे सांगत काही आई-बापही कोर्टात उभे राहिले. त्यांत चित्रा पालेकर होत्या. २०१३ साली निकाल विरुद्ध गेला. ६ सप्टेंबर २०१८ रोजी मात्र सुप्रीम कोर्टाने सज्ञान माणसांच्या राजीखुशीच्या संबंधांना गुन्ह्यातून बाहेर काढले. त्या निकालात आधार कशाचा घेतला? बाबासाहेबांनी संविधान सभेत सांगितलेल्या संविधानिक नैतिकतेचा! बहुसंख्य लोकांना काय आवडते यावर माणसाचा हक्क ठरत नाही, संविधान काय सांगते यावर ठरतो. हे आपल्याहून अधिक कोणाला कळावे?

जागतिक आरोग्य संघटनेने १९९० सालीच समलिंगी ओढ आजारांच्या यादीतून काढून टाकली आहे. ज्याला आजार नाही त्याला औषध कसले?

तरीही कल्याण पूर्वेच्या एका वस्तीत काय घडले ते सांगतो. एका तरुणाने लग्नाला सतत नकार दिला. शेवटी त्याने बहिणीला खरे सांगितले, बहिणीने आईला सांगितले. वडील चळवळीतले, मोर्चात पुढे असणारे. त्यांनी मुलाला एका बाबाकडे नेले. ज्याने बावीस प्रतिज्ञा तोंडपाठ केल्या, त्याने पोराला अंगाऱ्यापुढे बसवले! पोरगा घर सोडून गेला. दुसऱ्या शहरात नोकरी करतो, आईला फोन करतो, वडिलांशी बोलणे नाही. आई आम्हांला म्हणाली, "माझा पोरगा चोर नाही, दारुड्या नाही. मग मी कुणाला तोंड का लपवायचं?" या माउलीच्या प्रश्नाला आपल्या समाजाकडे उत्तर आहे काय? बहिष्काराचे दुःख पिढ्यान्पिढ्या सोसलेल्या समाजाने स्वतःच्या लेकराला बहिष्कृत करावे, यासारखी दुर्दैवाची गोष्ट नाही.

दोन शंका

काही वाचक म्हणतील, हे कुटुंबाचे पान आहे, येथे असले विषय नकोत. आम्ही म्हणतो, कुटुंब सुरूच या विषयापासून होते. दुसरी शंका अशी येते की, कर्वे काय किंवा पालेकर काय, ही माणसे वरच्या थरातली, त्यांची दुःखे वेगळी. दुःखे वेगळी असतील, पण शरीर एकच आहे. आणि अज्ञानाची किंमत श्रीमंतापेक्षा गरिबाला जास्त मोजावी लागते. श्रीमंताची चूक डॉक्टर निस्तरतो. गरिबाची चूक त्याची बायको निस्तरते. कर्व्यांची जात पाहून बाबासाहेबांनी वकीलपत्र घेतले नव्हते.

तथागतांनी कालामांना सांगितले होते की, परंपरेने आले म्हणून, ग्रंथात आहे म्हणून, गुरू म्हणाला म्हणून काही मानू नका. स्वतः तपासून पाहा. विज्ञानाची पद्धत याहून वेगळी आहे काय?

काय करता येईल?

आपण वर्षावासात तीन महिने विहारात 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' वाचतो. त्यातल्या एखाद्या रविवारी वाचन आटोपल्यावर पालिका रुग्णालयातल्या डॉक्टरबाईंना किंवा नर्सताईंना तासभर बोलवावे. मुलींसाठी वेगळा तास, मुलांसाठी वेगळा तास, आणि तिसरा तास आई-बापांसाठी. तिसरा सर्वांत गरजेचा! प्रश्न तोंडाने विचारायला लाज वाटत असेल तर चिठ्ठीवर लिहून, नाव न घालता डब्यात टाकावेत. 'समाजस्वास्थ्य'चे वाचक पत्राने विचारीत, आपले लोक चिठ्ठीने विचारतील. महिला मंडळांनी एखाद्या शनिवारी हळदीकुंकवाची नक्कल करण्याऐवजी 'ध्यासपर्व' किंवा 'माती माय' मिळवून एकत्र बसून पाहावा आणि त्यावर बोलावे. सल्ला हवा असेल तर कल्याणला रुक्मिणीबाई, डोंबिवलीला शास्त्रीनगर ही आपल्याच पालिकेची रुग्णालये आहेत. लोकलमधल्या नंबरावर फोन करण्याआधी तिथे जावे.

आणि घरात? फार मोठे काही करायचे नाही. मुलगी वयात आली की आईने, मुलगा वयात आला की बापाने शेजारी बसवून सांगावे, "बाळा, शरीर बदलतंय, ते चांगलंच आहे. काही वाटलं तर मला विचार. मला माहीत नसेल तर आपण दोघं विचारू." मुलगी झाली म्हणून सुनेकडे बोट दाखवणाऱ्याला एक्स-वायचा धडा शिकवावा. आणि एखाद्या लेकराने धीर करून आपले वेगळेपण सांगितले, तर पहिल्यांदा त्याला जेवायला वाढावे. बाकीचे बोलणे नंतर होईल.

बाबासाहेबांनी कर्व्यांचा खटला दोनशे रुपये दंडाने हरला. तो खटला जिंकायचे काम अजून आपल्या घराघरात शिल्लक आहे.

नमो बुद्धाय! जय भीम!